तोम्बीने न मारलेली हाक

माझ्या सासूबाई त्रेचाळीस वर्षं दहा वर्षांचा मुलगा होत्या. अख्ख्या जपानला हे ठाऊक होतं आणि कुणालाच त्यात काही वावगं वाटत नव्हतं. मुलाचं नाव तोम्बी. कोळ्यांच्या गावातला पोरका पोरगा, गुडघे कायम खरचटलेले. कुणी अडचणीत सापडलं की सायकल दामटत येणार आणि ओरडणार, "आलोच बघ!" दर शनिवारी संध्याकाळी ते कार्टून लागायचं. बापांनी लहानपणी पाहिलेलं, आता त्यांची पोरं पाहत होती. आवाज तोच, माझ्या सासूबाईंचा, फुमिए कुराइशी यांचा. अंगकाठी एवढीशी, चेहरा पोस्टातल्या हेडक्लार्कचा, आणि तोंड उघडलं की पोरगा.

मी हेमांगी, माहेरची मगदूम, इचलकरंजीची. आमच्या घरामागे दिवसरात्र माग चालायचे, त्यामुळे आमच्याकडे कुणी हळू बोलत नाही. हळू बोललेलं ऐकूच येत नाही. मी कान तपासायचं शास्त्र शिकले, श्रवणयंत्रांच्या एका कंपनीत लागले, कंपनीने योकोहामाला पाठवलं. तिथे मला आवाज अडवणाऱ्या भिंती बांधणारा एक माणूस भेटला, शुन्जी कुराइशी. पियानोच्या शिकवण्या, दवाखाने, कराओकेची दुकानं, सगळीकडे याच्या भिंती. म्हटलं बरं झालं, मी कितीही ओरडले तरी शेजाऱ्यांची कटकट नाही. लग्न करून टाकलं.

लग्नानंतर सासूबाईंनी मला कौतुकाने स्टुडिओत नेलं. त्यांच्याकडे सगळे नट एकाच खोलीत भिंतीला टेकून बसतात. मधे मोजके माइक. आपलं वाक्य आलं की उठायचं, बोलायचं, मागे सरकायचं. पायांत नमद्याच्या, म्हणजे दाबलेल्या लोकरीच्या मऊ सपाता, अंगावर सळसळणारं कापड नको, हातातल्या संहितेचं पान उलटताना आवाज नको. पोट गुरगुरू नये म्हणून आधी भाताचा एक गोळा खाऊन यायचं. आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे, वाक्य संपलं तरी काचेपलीकडून दिग्दर्शक "ओके" म्हणेपर्यंत जागचं हलायचं नाही. मी बापडी कोपऱ्यात बसले होते, हातात माहेरच्या हिरव्या बांगड्या. कपाळावरचे केस मागे सारले आणि बांगड्या किणकिणल्या. काचेपलीकडून आवाज आला, "पुन्हा एकदा." कुणी माझ्याकडे पाहिलंही नाही. त्या लोकांची रागवायची तीच रीत आहे.

परत येताना सासूबाईंनी विचारलं की कंटाळलीस का. मी म्हटलं, छे, खूप मजा आली.

"खोटं बोलताना तुझा आवाज वाक्याच्या शेवटी वर जातो," त्या म्हणाल्या. "सराव कर."

असं सासर. पण खरं सांगू, मला ही बाई आवडली. पाठीमागे काही बोलायची नाही, जे असेल ते तोंडावर.

घरी मात्र तोम्बी नव्हता. शुन्जी सहा वर्षांचा असताना त्याचं अपेंडिक्स फुटलं. पोटाला नळी लावून दवाखान्यात पडला होता, आणि शेजारच्या खाटांवरची पोरं विचारत होती की तोम्बी खरंच तुझ्या आईच्या घशात राहतो का. त्याने आईला म्हटलं, एकदाच तोम्बीसारखं बोल ना. नर्सनेही गळ घातली. सासूबाई म्हणाल्या, तोम्बी इथे नाही, इथे मी आहे. त्यांच्या गुरूने बजावून ठेवलं होतं की माइक सोडून आवाज काढलास की त्याचं खेळणं होतं, मग माइकपुढे उभी राहिलीस की तुझं तुलाच खोटं वाटेल. त्यांनी ते देवाच्या शपथेसारखं पाळलं. शनिवारी संध्याकाळी वॉर्डातल्या टीव्हीवर तोम्बी कुणा परक्या पोरासाठी सायकल दामटत आला, तेव्हा सासूबाई रेकॉर्डिंगला गेल्या होत्या. शुन्जीने मला हे लग्नाआधी हसत हसत सांगितलं, आणि एकाच संध्याकाळी दोनदा सांगितलं.

मोठा झाल्यावर तो आईला आई म्हणायचा बंद झाला. स्टुडिओतले लोक म्हणत तसं "कुराइशी-सान" म्हणायचा, पाणी मागतानासुद्धा. मी मात्र पहिल्या दिवसापासून त्यांना आई म्हणत होते. सुनांना तो शब्द आयताच मिळतो.

*

सत्तरी ओलांडल्यावर सासूबाईंचा आवाज उतरायला लागला. इथे थोडं शास्त्र सांगते, कंटाळू नका, माझं पोट त्यावरच भरतं.

आपल्या गळ्यात मांसाच्या दोन पातळ घड्या असतात, त्यांना स्वरतंतू म्हणतात. फुप्फुसातली हवा त्यांच्यामधून जाताना ते थरथरतात. त्यातून निघते ती नुसती भुणभुण, माझी आणि तुमची जवळपास सारखीच. ती भुणभुण घसा, तोंड, नाक या पोकळीतून बाहेर येते, आणि त्या पोकळीचा आकार, जिभेची, टाळूची हालचाल तिला माणसाचा आवाज बनवते. वय झालं की स्वरतंतूंचे स्नायू रोडावतात, वरचा ओलसर पापुद्रा सुकतो, ते नीट मिटत नाहीत आणि हवा गळते. बायकांचा आवाज जाडावतो. त्या वयात दहा वर्षांच्या पोराचा आवाज काढायचा म्हणजे चिरलेल्या बॅटने सिक्सर मारायची.

कंपनीने यंत्र आणलं ते "मदत" म्हणून. जुन्या रेकॉर्डिंगचे तुकडे जोडणारं यंत्र नव्हतं ते, तसली केव्हाच मोडीत निघाली होती. या यंत्राने त्रेचाळीस वर्षांचा तोम्बी ऐकला आणि त्यावरून सासूबाईंची पोकळीच शिकून घेतली. त्या जीभ कुठे टेकवतात, श्वास कुठे चोरतात, हसू फुटायच्या आधी किती थांबतात, सगळं. नट बोलताना शरीराने काय करतो ते त्याला कळलं होतं, त्यामुळे कुठलंही नवं वाक्य ते त्यांच्यासारखं बोलू शकत होतं, तेही त्यांच्या पस्तिशीतल्या गळ्याने. पहिलं वर्षभर सासूबाई नेहमीसारख्या जाऊन बोलत, आणि यंत्र त्यांच्या बोलण्यावर कोवळा आवाज चढवी. अभिनय त्यांचा, कातडी यंत्राची. त्यांनी ते नाक मुरडून का होईना, मान्य केलं.

मग एका शनिवारी आम्ही तिघं टीव्हीपुढे बसलो होतो. पडद्यावर तोम्बी खदखदून हसला. सासूबाई म्हणाल्या, हे मी हसले नाही.

सोमवारी त्यांनी दिग्दर्शकाला विचारलं. मोरिशिता नावाचा तरुण मुलगा, तोम्बी पाहत लहानाचा मोठा झालेला. तो कमरेत वाकला आणि तसाच वाकलेला राहून म्हणाला, "हसू तुमचंच आहे, सेन्सेइ. फक्त तुम्ही हसला नाहीत, इतकंच." पुढे त्याने हेही सांगितलं की शाळेतल्या मुलांना दोन्ही आवाज ऐकवले होते. सासूबाईंचा खरा ऐकून मुलांनी विचारलं, तोम्बी आजारी आहे का?

मग सगळं काम यंत्राकडेच द्यायचं ठरलं. निरोपाच्या दिवशी त्यांना एवढा मोठा पुष्पगुच्छ दिला की त्यामागे बाई दिसेना. शेवटचा भाग म्हणून काही वाक्यं बोलून घेतली. माइक चालू होता की नाही, याची मला अजून शंका आहे. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, कुणी डोळे पुसले. सासूबाई मात्र वाक्य संपल्यावर हलल्याच नाहीत. टाळ्या संपल्या तरी त्या काचेकडे पाहत उभ्या होत्या. मग मला कळलं की टाळ्यांच्या गडबडीत कुणी "ओके" म्हणायचं विसरलं होतं, आणि मीच पुढे होऊन त्यांचा हात धरला.

तोम्बीचा आवाज मग भाड्याने मिळू लागला. दुकानातलं पैसे घेणारं यंत्र तोम्बीसारखं बोलायचं, भाताचा कुकर तोम्बीसारखा बोलायचा. एकदा बाजारात सासूबाईंना सुटे सापडेनात, तर यंत्र चिवचिवलं, "आलोच बघ! काही अडलं का?" आणि त्या यंत्राला "माफ करा" म्हणाल्या. मी बाजूलाच उभी होते. अंगाची नुसती लाही झाली, पण यंत्राशी काय भांडणार?

*

दोन वर्षांनी शुन्जीची जीभ अडखळायला लागली. आधी आम्ही थट्टेवारी नेलं. मग हातातून स्क्रू निसटायला लागले. डॉक्टरांनी सांगितलं की स्नायूंना हुकूम देणाऱ्या पेशी एकेक करून मरत जातील. हात जातील, पाय जातील, बोलणं जाईल, गिळणं जाईल, शेवटी श्वास. डोकं मात्र लख्ख राहील. डोळ्यांचे स्नायू सगळ्यांत शेवटपर्यंत टिकतात.

माझ्या नवऱ्याच्या जिभेला आधीही हाड नव्हतं आणि दुखण्याने तिला आणखी धार आली. बोलता येतंय तोवर स्वतःचा आवाज साठवून ठेव, यंत्राला शिकवू, असं मी शंभरदा विनवलं. माझा आवाज कुणाला हवाय, म्हणाला. मी म्हटलं, अरे मला हवाय. त्यावर हसला फक्त. बोलणं पार गेलं तेव्हा खाटेसमोर नजरेने चालणारा पडदा बसवला. डोळ्यांनी अक्षरं निवडायची, यंत्र ती बोलून दाखवणार. आवाज कुठला हवा ते यादीतून घ्यायचं. त्याने क्षणाचाही विचार न करता तोम्बी निवडला.

कंपनीचा माणूस बसवायला आला होता, त्याने मला एक गोष्ट नीट समजावली. नजर थकली की यंत्र वाक्य स्वतः पुरं करतं. नजर फारच क्षीण झाली तर पूर्ण उत्तरही अंदाजाने देतं, आणि तो अंदाज तोम्बीच्या त्रेचाळीस वर्षांच्या संवादांवरून बांधतं, म्हणजे तोम्बी अशा वेळी काय म्हणाला असता तसं. कायद्याने एक ठिपका मात्र दाखवावा लागतो. शब्द रुग्णाचे असतील तर हिरवा, यंत्राचे असतील तर करडा. ठिपका पडद्याच्या कोपऱ्यात होता, उशाशी बसणाऱ्यालाच दिसेल असा. उशाशी मी बसायची. ठिपक्याचं मी सासूबाईंना सांगून ठेवलं होतं.

पहिल्या रविवारी सासूबाई आल्या. शुन्जी त्यांची वाटच पाहत होता.

"आलोच बघ!" खाटेवरून तोम्बी ओरडला.

सासूबाईंनी हातातली पिशवी खाली ठेवली आणि कमरेत वाकून नमस्कार केला, स्टुडिओत जुन्या सहकाऱ्याला करतात तसा. मग शुन्जीचे डोळे पडद्यावर बराच वेळ फिरत राहिले. ठिपका हिरवा होता. दहा वर्षांच्या पोराच्या त्या आवाजात तो म्हणाला, "आई."

कित्येक वर्षांनी तो शब्द त्याने उच्चारला होता, आणि तोही उसन्या गळ्याने. माझ्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. सासूबाई मान किंचित तिरकी करून ऐकत होत्या, माइकपुढे ऐकत तशा.

"हे चुकलंय," त्या म्हणाल्या. "तोम्बी असं म्हणणार नाही."

मी त्यांना हाताला धरून बाहेर काढलं आणि माझ्या अस्सल इचलकरंजी मराठीत ओरडले, अहो बाई, पोरगा आई म्हणाला तुम्हाला, आई! शब्द त्यांना कळले नाहीत, बाकी सगळं कळलं. त्या शांतपणे म्हणाल्या की माहीत आहे, म्हणूनच तो बरोबर म्हटला गेला पाहिजे.

आणि गंमत बघा, त्यांचं चुकत नव्हतं. गोष्टीत तोम्बीची आई वादळात समुद्रावर हरवलेली असते. ती परत येईल असं त्याला वाटत असतं, आणि तोवर तो कुणालाही आई म्हणायचं नाही असं ठरवून बसलेला असतो. मूळ लेखकाचा तसा दंडकच होता. म्हणजे त्रेचाळीस वर्षांत सासूबाईंनी त्या आवाजात तो शब्द एकदाही उच्चारला नव्हता. घरीही नव्हता, कारण घरी तोम्बी नव्हता. यंत्राला अक्षरं येत होती, गळा येत होता, पण तो पोरगा आईला हाक कशी मारील हे त्याने कधी ऐकलंच नव्हतं. मग त्याने तोम्बीच्या सगळ्या हाकांची सरासरी काढली. भाजीवाल्याला मारलेली, मास्तरांना मारलेली, कुत्र्याला मारलेली.

आम्ही खोलीत परतलो तेव्हा शुन्जीने वाक्य तयार ठेवलं होतं. "मग तो हाक कशी मारेल? मारून दाखव."

सासूबाई म्हणाल्या, इथे माइक नाही. त्याने डोळे मिटून घेतले, आणि तो दिवस तिथेच संपला.

*

पुढच्या रविवारी त्या आल्या त्या नमद्याच्या सपाता घेऊन. भाताचा गोळा खाऊन आल्या होत्या, फोन बंद करून आल्या होत्या. रेकॉर्डिंगच्या दिवशी घरून निघताना फोन बंद करायचा आणि गळ्याला रात्रभर विश्रांती देऊन दुसऱ्या सकाळीच उघडायचा, हा त्यांचा नेम होता. हातात एक कागद, त्यावर एकच शब्द. खाटेच्या पायथ्याशी उभ्या राहिल्या. म्हणजे ठिपका त्यांना दिसत नव्हता. डोळे मिटले, आणि सत्त्याहत्तराव्या वर्षी, माइक नसताना, आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी तोम्बीचा आवाज काढला.

"आई."

फाटला आवाज, मधेच हवा गळली. माझी मान खाली गेली. पण त्या हलल्या नाहीत, कागद छातीशी धरून उभ्या राहिल्या. शुन्जीचे डोळे फिरले. हिरवा ठिपका.

"पुन्हा एकदा."

तिथून ते सुरू झालं. दर रविवारी. त्या म्हणायच्या, आणि तो त्यांच्याच तारुण्यातल्या आवाजात त्यांना परत पाठवायचा. हा पोरगा भीक मागतोय, पुन्हा एकदा. रडू नकोस, त्याला रडता येत नाही, पुन्हा एकदा. दवाखान्यातून हाक मारतोय असं म्हण. नाही, एवढ्या जवळून नाही, आई दारात नाहीये, स्टुडिओत आहे, पुन्हा एकदा. सासूबाईंचा घसा बसायचा. कोमट पाणी पिऊन त्या परत उभ्या राहायच्या. दिग्दर्शकाशी वाद घालायचा नसतो, म्हणायच्या.

नवल म्हणजे हाक सुधारत होती. आवाज चिरकाच होता, पण चिरक्या आवाजात एक पोरगा दिसायला लागला. कानांची तपासणी करत आयुष्य गेलंय माझं, मला आवाजाने उगाच गहिवरून येत नाही. तरी एका रविवारी त्यांनी हाक मारली आणि मी इचलकरंजीला होते, मागाच्या खडखडाटात, आणि माझी आई पलीकडच्या खोलीत होती. मी शुन्जीकडे पाहिलं. त्याच्या गालांवरून पाणी वाहत होतं, ते त्याला पुसता येत नव्हतं. डोळे मात्र पडद्यावर फिरत होते.

"पुन्हा एकदा."

त्या गेल्यावर मी त्याच्यावर तुटून पडले. म्हटलं, म्हातारीचा असा पाणउतारा करून काय मिळतंय तुला? आजची हाक बरोबर होती, तुलाही माहीत आहे. एक ओके म्हणायला तुझं काय जातं? तोवर त्याची नजर मंदावली होती, एकेक अक्षर निवडायला फार वेळ लागायचा. मी तिष्ठत बसले. ठिपका हिरवा होता.

"ओके म्हटलं की ती घरी जाईल."

त्यानंतर मी त्या विषयावर बोलले नाही. सासूबाईंनाही काही सांगितलं नाही, ते सांगायचा हक्क त्याचा होता.

*

शेवटच्या रविवारी त्याचे डोळे जवळजवळ थांबले होते. पापणी अर्धी मिटलेली, बुबुळ हलायचं ते माझ्यासारखीलाच कळायचं. मी सासूबाईंना दारात सांगितलं की आज नको, आज नुसतं बसा त्याच्याजवळ. त्यांनी सपाता घातल्या.

उभ्या राहिल्या, डोळे मिटले. त्या हाकेचं मी काय वर्णन करू? आवाज फुटला होता, आणि त्याच फुटक्या जागेतून पोरगा बाहेर आला. बास. त्या तशाच उभ्या राहिल्या, श्वास धरून, कागद छातीशी.

शुन्जीचे डोळे कुठे आहेत ते पडद्याला सापडत नव्हतं. मी वाट पाहिली. त्यांनी वाट पाहिली. मग पडदा उजळला आणि तोम्बी आनंदाने ओरडला, "ओके! मस्त झालं! आता घरी जाऊन निवांत झोपा बघू!"

ठिपका करडा होता.

तोम्बी गुणी पोरगा. त्रेचाळीस वर्षांत त्याने कुणाला ताटकळत ठेवलं नाही, कुणाशी वैर धरलं नाही, थकल्याभागल्या म्हातारीला तर मुळीच नाही. तो हेच म्हणाला असता.

सासूबाईंनी डोळे उघडले. बाई लहान मुलीसारखी दिसत होती. खाटेकडे तोंड करून त्या खोल वाकल्या, रेकॉर्डिंग संपल्यावर म्हणतात ते श्रमांबद्दलचे आभाराचे शब्द म्हणाल्या, सपाता काढून पिशवीत ठेवल्या. चांगली झाली ना, एवढंच मला विचारलं आणि उत्तराची वाट न पाहता ओठांवर बोट ठेवलं. आता गळ्याला विश्रांती. दार हळूच लोटून गेल्या. मी त्यांना अडवलं नाही. मी मनात म्हटलं, चला, यंत्राने एक तरी काम माणुसकीचं केलं.

मी चहा ठेवायला उठणार, तेवढ्यात पडद्याचा कोपरा बदलला. हिरवा.

एका शब्दाला किती वेळ लागला म्हणून सांगू? उन्हाचा पट्टा खाटेवरून भिंतीवर गेला. मी त्याचा हात धरून बसले होते. अखेर तोम्बीच्या ठणठणीत आवाजात त्याने सांगितलं, "मी नव्हतो." आणि मग, अंधारून आल्यावर, "बोलव."

मी फोन लावला. बंद. पुन्हा लावला. बंदच असणार होता, ओके मिळाला होता ना. त्यांच्या शेजारणीला केला, ती गावाला गेलेली. शुन्जीला एकटं सोडून मला हलता येत नव्हतं. मी वेड्यासारखी लावत राहिले, आणि दर वेळी त्याच्याकडे पाहून म्हणत होते, येतील हं, आलेच बघ. पहाटे त्याचा श्वास थांबला. सासूबाईंनी सकाळी फोन उघडला आणि आल्या, तेव्हा मी पडदा काढून ठेवला होता.

मी एवढे फोन कशासाठी केले, हे त्यांनी कधी विचारलं नाही.

*

इथे दहनानंतर घरच्या माणसांनी अस्थी काड्यांनी उचलून कलशात ठेवायच्या असतात. एक हाड दोघांनी मिळून, दोघांच्या काड्यांमध्ये धरून उचलायचं. पायांपासून सुरुवात करतात, म्हणजे माणूस कलशात उलटा होत नाही. शेवटी गळ्यातलं हाड, ते सगळ्यांत जवळच्या दोघांचं. ध्यानाला बसलेल्या बुद्धासारखा त्याचा आकार असतो, म्हणून त्याला गळ्यातला बुद्ध म्हणतात. पांढरे हातमोजे घातलेला तिथला माणूस हे सगळं अदबीने समजावत होता. खरं तर ते मानेच्या मणक्याचं हाड. आवाजाचा भाग नुसत्या कुर्च्यांचा असतो, तो पहिल्या भडक्यातच जळून जातो. हे मी बोलले नाही, ती जागा नव्हती.

बाकीचे नातेवाईक मागे सरले. मी आणि सासूबाई पुढे झालो, दोघींच्या काड्या त्या हाडाला भिडल्या. हलकं होतं. आम्ही ते उचललं आणि ते आमच्यामध्ये हवेत राहिलं.

"तो ओके," सासूबाई हळूच म्हणाल्या. त्या हाडाकडे पाहत होत्या. "तू पडद्याच्या बाजूला होतीस. ठिपका हिरवा होता ना?"

बाई गं. काय सांगायचं होतं मी? की तो यंत्राचा पोरगा होता? की तुमच्या पोराने तुम्हाला परत बोलावलं होतं आणि तुम्ही फोन बंद करून गळा जपत होतात? की त्याला ओके द्यायचाच नव्हता, कधीच, कारण तुम्ही दर रविवारी येऊन त्याला हाक मारताय एवढंच त्याला हवं होतं? खरं सांगितलं असतं तर त्यात त्यांना मुलगा मिळाला असता, आणि त्याच क्षणी गेलाही असता.

"हिरवा होता," मी म्हटलं.

माझ्याच कानांनी ऐकलं. शेवटी वर गेला आवाज.

सासूबाईंच्या काड्या हलल्या नाहीत. कलश खाली उघडा होता, हातमोजेवाला अदबीने थांबला होता. त्यांनी मान किंचित तिरकी केली.

"पुन्हा एकदा," त्या म्हणाल्या.

मी त्यांच्याकडे पाहिलं. पोस्टातल्या हेडक्लार्कचा चेहरा, त्यावर काही नव्हतं.

"हिरवा होता, आई."

"घाई केलीस. पुन्हा एकदा."

मी काड्या नीट धरल्या. मी श्वास घेतला, खांदे सैल सोडले, पोटात धरून ठेवलेलं सगळं खाली जाऊ दिलं. त्याचे डोळे हलताना मला दिसताहेत असं डोळ्यांसमोर आणलं, उजळलेला कोपरा, हिरवा ठिपका. मग सरळ, साधं, शेजारणीला दुधाचा भाव सांगावा तसं म्हटलं.

"हिरवा होता."

आणि हलले नाही. काड्या धरून, श्वास धरून उभी राहिले. त्या ऐकत होत्या.

"ओके," सासूबाई म्हणाल्या.

मग आम्ही दोघींनी मिळून ते हाड कलशात ठेवलं.